युद्धेतिहासकार त्र्यंबक शंकर शेजवलकर : कार्य, अभ्यासपद्धती आणि वऱ्हाडच्या रणभूमी

सारांश

मराठेशाहीच्या युद्धांचा चिकित्सक अभ्यास करणाऱ्या इतिहासकारांत त्र्यंबक शंकर शेजवलकर (१८९५–१९६३) यांचे स्थान महत्त्वाचे आहे. प्रस्तुत लेखात त्यांच्या संशोधनकार्याचा थोडक्यात परिचय करून दिला असून ‘पानिपत १७६१’ या ग्रंथातून दिसणारी युद्धेतिहासाची पद्धती स्पष्ट केली आहे. ही पद्धती अकोला व अमरावती जिल्ह्यांतील बाळापूर (१७२०), अडगाव (१८०३) आणि गाविलगड (१८०३) या तीन प्रसंगांना लावून पाहिल्यास वऱ्हाडच्या इतिहासातील कोणते प्रश्न पुढे येतात, याचा विचार येथे केला आहे.

प्रस्तावना

युद्धाचा इतिहास हा इतिहासलेखनाचा सर्वांत जुना प्रकार होय. तथापि तो सर्वांत अधिक भावनेने लिहिला गेलेला प्रकारही आहे. विजयाचे श्रेय पराक्रमाला द्यावे आणि पराजयाचे खापर फितुरीवर फोडावे, ही प्रवृत्ती बखरींपासून शालेय पाठ्यपुस्तकांपर्यंत सर्वत्र आढळते. या दोन शब्दांनी युद्धाचे वर्णन पूर्ण होते. मात्र युद्धाचा उलगडा होत नाही. फौज त्या ठिकाणी त्या दिवशी का होती, तिच्या घोड्यांना वैरण कोठून मिळत होती, तोफा ओढणारे बैल किती चालू शकत होते, मधली नदी उतरण्याजोगी होती काय, हे प्रश्न अनुत्तरित राहतात.

मराठीत ‘मध्ययुगीन’ ही संज्ञा सामान्यतः यादवांच्या अस्तापासून १८१८ पर्यंतच्या कालखंडासाठी योजिली जाते. या कालखंडात वऱ्हाड ही दक्षिणेची उत्तरेकडील देवडी होती. बऱ्हाणपुराहून तापी ओलांडून येणाऱ्या फौजांचा एक मार्ग याच प्रदेशातून जात असे. त्यामुळे येथे लढाया अनेक झाल्या. पण त्यांचा वृत्तान्त प्रामुख्याने मोगल दरबाराशी संबंधित फारसी लेखकांनी आणि पुढे इंग्रज सेनापतींनी लिहिला. वऱ्हाडातून झालेल्या प्रयत्नांत बुलढाण्याचे यादव माधव काळे यांचा ‘वऱ्हाडचा इतिहास’ (१९२४) हा ग्रंथ पायाभूत आहे. त्या पायावर लढायांचा स्वतंत्र अभ्यास उभा करावयाचा असल्यास शेजवलकरांची पद्धती मार्गदर्शक ठरते.

शेजवलकरांची वाटचाल

शेजवलकरांचा जन्म २५ मे १८९५ रोजी रत्नागिरी जिल्ह्यातील कशेळी या गावी झाला. पुणे येथील भारत इतिहास संशोधक मंडळाच्या वर्तुळात त्यांचा इतिहासाभ्यास वाढला. वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला, तेव्हापासून महाराष्ट्रात अस्सल कागद शोधण्याची आणि छापण्याची चळवळ सुरू झाली होती. शेजवलकर या चळवळीच्या पुढच्या पिढीतील होत. कागद मिळविणे हे पहिल्या पिढीचे काम होते. कागदांची उलटतपासणी करणे हे आपले काम आहे, ही जाणीव त्यांच्या लेखनात सतत दिसते.

१९२९ ते १९३२ या काळात त्यांनी ‘प्रगति’ हे साप्ताहिक चालविले. त्यातील लेखनामुळे परखड आणि प्रसंगी कठोर टीकाकार म्हणून त्यांची ओळख झाली. १९३९ मध्ये पुण्याच्या डेक्कन कॉलेज संशोधन संस्थेत मराठ्यांच्या इतिहासाचे अध्यापक म्हणून त्यांची नियुक्ती झाली. येथे त्यांना दप्तरांच्या सान्निध्यात स्थिरपणे काम करता आले. १९४६ मध्ये त्यांचा ‘पानिपत १७६१’ हा इंग्रजी ग्रंथ डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केला. युद्धाला दोनशे वर्षे पूर्ण झाली त्या १९६१ या वर्षी त्याच विषयावरील त्यांचा मराठी ग्रंथ वाचकांच्या हाती आला.

वऱ्हाडच्या दृष्टीने त्यांची आणखी दोन कामे विशेष उपयुक्त आहेत. नाना फडणिसांच्या मेणवली येथील दप्तरातून निवडलेल्या, नागपूरकर भोसल्यांच्या राजकारणाविषयीच्या पत्रांचे त्यांनी दोन खंडांत संपादन केले. ‘निजाम-पेशवे संबंध’ (१९५९) या पुस्तकात अठराव्या शतकातील दख्खनच्या सत्तासंघर्षाचे विवेचन आहे. वऱ्हाड हा भोसले आणि निजाम यांच्यातील दुहेरी अंमलाचा मुलूख असल्यामुळे ही दोन्ही कामे येथील अभ्यासकाला टाळता येत नाहीत.

शेजवलकरांनी एका मोठ्या शिवचरित्राचा संकल्प केला होता. २८ नोव्हेंबर १९६३ रोजी त्यांचे निधन झाले आणि तो संकल्प अपुरा राहिला. त्याची प्रस्तावना, आराखडा व साधने ‘श्रीशिवछत्रपति’ या नावाने १९६४ मध्ये प्रसिद्ध झाली. या ग्रंथाला १९६६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मरणोत्तर देण्यात आला. पूर्ण झालेल्या चरित्राऐवजी चरित्राच्या आराखड्याला असा सन्मान मिळावा, यातच त्यांच्या पद्धतीचे मोल दिसून येते.

पानिपत : एका पद्धतीचा वस्तुपाठ

पानिपतच्या पराभवाची मीमांसा शेजवलकरांपूर्वीही झाली होती. राजवाड्यांनी आपल्या पहिल्या खंडाच्या प्रस्तावनेत गोविंदपंत बुंदेले व मल्हारराव होळकर यांच्या वर्तनावर ठपका ठेवला होता. यदुनाथ सरकारांनी मोगल साम्राज्याच्या पतनाचा इतिहास लिहिताना फारसी साधनांच्या आधारे लढाईची मांडणी केली होती. शेजवलकरांनी या दोन्ही मांडण्या पुन्हा तपासावयास घेतल्या. त्यांच्या पद्धतीचे चार घटक सांगता येतात.

पहिला घटक कालक्रमाचा आहे. १४ जानेवारी १७६१ हा दिवस समजण्यासाठी आधीचे महिने समजावे लागतात. ऑगस्ट १७६० मध्ये दिल्ली आणि ऑक्टोबरमध्ये कुंजपुरा मराठ्यांच्या हाती आले. पण मराठी फौज कुंजपुऱ्याकडे असतानाच अब्दालीने बागपताजवळ यमुना उतरून दिल्लीची वाट रोखली. पुढील सुमारे अडीच महिने दोन्ही सैन्ये पानिपतच्या परिसरात एकमेकांसमोर होती. म्हणजे लढाईचा निकाल लागण्यापूर्वी रसदेचा निकाल लागत होता.

दुसरा घटक रसदेचा. डिसेंबर १७६० मध्ये गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि दुआबातून शत्रूची रसद तोडण्याचा प्रयत्न संपुष्टात आला. उपासमार सुरू झालेल्या छावणीत लढवय्यांबरोबर बिनलढाऊ माणसांचाही मोठा जमाव होता. अशा स्थितीत सेनापतीपुढे कोणते पर्याय उरतात, हा प्रश्न शेजवलकर विचारतात.

तिसरा घटक रचनेचा. सदाशिवरावभाऊंनी गोलाची रचना का केली, याचा लष्करी अर्थ त्यांनी उलगडून दाखविला. तोफा व गारदी यांच्या आधाराने, बिनलढाऊ लोकांना आत ठेवून, एकसंध हालचाल करीत शत्रूच्या फळीतून वाट काढावयाची, अशी ती योजना होती. ती सर्व सरदारांनी शिस्त पाळली तरच यशस्वी होणार होती. विठ्ठल शिवदेव विंचूरकर व दमाजी गायकवाड यांच्या पथकांनी रचना सोडून पुढे धाव घेतल्याने इब्राहिमखान गारद्याच्या पलटणींची बाजू उघडी पडली. घोडदळाची जुनी सवय आणि कवायती पायदळाची नवी शिस्त यांचा मेळ बसला नाही, हे या विवेचनाचे सार होय.

चौथा घटक साक्षीदारांच्या पारखीचा. काशीराज पंडित हा शुजाउद्दौल्याच्या पदरी होता. त्याचा फारसी वृत्तान्त मोलाचा असला तरी तो शत्रुपक्षाच्या छावणीतून व घटनेनंतर काही वर्षांनी लिहिलेला आहे. साक्षीदार कोठे उभा होता, त्याने काय स्वतः पाहिले व काय ऐकले, आणि कोणाला आवडावे म्हणून लिहिले, या कसोट्या लावल्याशिवाय त्याचे वाक्य प्रमाण मानता येत नाही.

शेजवलकरांचे सर्वच निष्कर्ष सर्वमान्य झाले असे नाही. त्यांची भाषा कधी तीव्र होते आणि व्यक्तींविषयीचे त्यांचे निवाडे एकांगी वाटू शकतात. परंतु त्यांचे प्रश्न टिकून राहिले. हे प्रश्न वऱ्हाडच्या लढायांना विचारून पाहिले असता काय हाती लागते, ते पुढे पाहू.

बाळापूर, १७२० : नदी, चिखल आणि तारीख

१७२० मध्ये निजाम-उल्-मुल्क माळव्यातून नर्मदा उतरून दक्षिणेत आला. सय्यद बंधूंच्या बाजूने दक्षिणेचा कारभार पाहणारा त्यांचा पुतण्या अलम अलीखान औरंगाबादहून त्याच्यावर चालून आला. त्याच्या बाजूस मराठ्यांची पथकेही होती. पूर्णा नदीच्या पुराने दोन्ही फौजांना अडवून धरले. निजामाने दूरवर उतार शोधून नदी ओलांडली आणि ऑगस्टमध्ये बाळापूरच्या परिसरात झालेल्या लढाईत अलम अलीखान मारला गेला. दख्खनमधील निजामाच्या सत्तेचा पाया या लढाईने घातला. ऑक्टोबर १७२४ मध्ये साखरखेर्डा येथे मुबारिजखानाचा पराभव करून ती स्थिर झाली.

पावसाळ्यातील काळी जमीन ज्याने पाहिली आहे त्याला या मोहिमेतील अडचण वेगळी सांगावी लागत नाही. तोफांचे गाडे अशा चिखलात रुतून बसतात, वैरण आणणाऱ्या टोळ्या छावणीपासून फार दूर जाऊ शकत नाहीत आणि धान्याचा भाव चढतो. पुराच्या काळात उतार कोठे आहे हे सांगणारा स्थानिक माणूस अशा वेळी सेनापतीइतकाच महत्त्वाचा ठरतो. फारसी इतिहासात निजामाची कर्तबगारी सविस्तर येते. तिच्यामागील पूर्णेचे पात्र मात्र अभ्यासकालाच वाचावे लागते.

बाळापूरच्या बाबतीत दोन सावधगिरीच्या सूचना आवश्यक आहेत. मन व म्हैस या नद्यांच्या संगमावर आज दिसणारा भव्य किल्ला पाहून लढाईचे चित्र रंगविले जाते. परंतु या किल्ल्याचे बांधकाम एलिचपूरच्या नबाबाच्या कारकिर्दीत १७५७ मध्ये पूर्ण झाले. म्हणजे आजच्या स्वरूपातील किल्ला लढाईच्या वेळी उभा नव्हता. दुसरी सूचना तारखेविषयी आहे. इंग्लंडने १७५२ मध्ये नवे पंचांग स्वीकारले. तोपर्यंत जुन्या व नव्या पंचांगात ११ दिवसांचा फरक होता. त्यामुळे हिजरी तिथीचे रूपांतर करताना एका ग्रंथात ही लढाई जुलैअखेरीस, तर दुसऱ्यात ऑगस्टमध्ये पडते. प्रत्यक्षात दिवस एकच आहे. अशा फरकाचा उलगडा न करता दोन्ही तारखा शेजारी ठेवल्या की एका लढाईच्या दोन लढाया होतात.

अडगाव, १८०३ : विजेत्याच्या पत्रातील रणांगण

२३ सप्टेंबर १८०३ रोजी असई येथे पराभव झाल्यानंतर शिंदे व भोसले यांच्या फौजा वऱ्हाडात आल्या. २३ नोव्हेंबरला शिंद्यांनी इंग्रजांशी तहकुबीचा करार केला. परंतु त्यातील अटी पाळल्या गेल्या नाहीत असे सांगून आर्थर वेलस्लीने युद्ध चालू ठेवले. २९ नोव्हेंबर रोजी आजच्या अकोला जिल्ह्यातील तेल्हारा तालुक्यात असलेल्या अडगावजवळ लढाई झाली. भोसल्यांच्या पायदळाचे व तोफखान्याचे नेतृत्व दुसऱ्या रघूजींचे बंधू व्यंकोजी ऊर्फ मन्याबापू यांच्याकडे होते. मराठ्यांच्या ३८ तोफा इंग्रजांच्या हाती पडल्या. इंग्रजांचे मृत व जखमी मिळून सुमारे ३६० सैनिक कामी आले किंवा निकामी झाले.

या लढाईचे प्रचलित वर्णन वेलस्लीने दुसऱ्या दिवशी लिहिलेल्या अहवालावर आधारलेले आहे. तो अहवाल काळजीपूर्वक वाचल्यास त्यातून विजयाखेरीज इतरही गोष्टी दिसतात. मराठ्यांची फळी सुमारे ५ मैल पसरलेली होती, तिच्या पाठीशी अडगावच्या बागा व कुंपणे होती आणि समोरचे मैदान नाल्यांनी छेदलेले होते. इंग्रज सैनिक उन्हातून लांब मजल मारून आलेले असल्याने त्या दिवशी लढाई देण्याचा वेलस्लीचा प्रथम विचार नव्हता. सिरसोली गावाजवळ मराठ्यांच्या तोफांचा मारा सुरू होताच असईला धैर्याने लढलेल्या तीन देशी पलटणी गोंधळून मागे सरकल्या. वेलस्लीने स्वतः त्यांना पुन्हा रांगेत आणले. इंग्रज फळी दुपार टळल्यावरच पुढे सरकली आणि पाठलाग चांदण्यात करावा लागला.

या तपशिलावरून एक गोष्ट निश्चित होते. भोसल्यांचा तोफखाना निरुपयोगी नव्हता. त्याच्या पहिल्या माऱ्यानेच अनुभवी पलटणी हादरल्या होत्या. भोसल्यांच्या पदरच्या परदेशी पायदळाच्या एका तुकडीने गोऱ्या पलटणींवर चालून जाऊन शेवटपर्यंत झुंज दिल्याचे वेलस्लीनेच नमूद केले आहे. तेव्हा ‘मराठी फौज लढलीच नाही’ हा समज शत्रूच्याच साक्षीने खोटा ठरतो. पराभवाचे कारण इतरत्र शोधावे लागते : शिंद्यांचे घोडदळ व भोसल्यांचे पायदळ यांच्यात एकच आज्ञा चालत नव्हती, एक पक्ष तहकुबीत व दुसरा युद्धात अशी स्थिती होती, आणि गोंधळाचा तो क्षण साधण्यासाठी फळी पुढे नेली गेली नाही. पानिपतच्या विवेचनात शेजवलकरांनी दाखविलेला घोडदळ व पायदळ यांच्यातील विसंवाद बेचाळीस वर्षांनी वऱ्हाडच्या मैदानातही दिसतो.

गाविलगड, १८०३ : रस्ता हाच वेढा

अडगावनंतर इंग्रज सैन्य गाविलगडाकडे वळले. अमरावती जिल्ह्यात चिखलदऱ्याजवळ असलेला हा किल्ला बहमनी सुलतान अहमदशहा वली याने १४२५ च्या सुमारास बांधविला. दक्षिणेकडे तुटलेले कडे आणि उत्तरेकडे बाहेरचा किल्ला अशी त्याची रचना आहे. म्हणून तोफांनी तट फोडावयाचा तर उत्तरेकडूनच जावे लागते, आणि उत्तरेकडे जाण्यासाठी सातपुड्याचे डोंगर ओलांडावे लागतात.

हे काम कर्नल स्टीव्हन्सनच्या सैन्याने ७ ते १२ डिसेंबर या काळात केले. सुमारे ३० मैलांच्या डोंगरी वाटेवर आधी रस्ता तयार करावा लागला आणि अवजड तोफा बहुतांशी माणसांनी हातांनी ओढून नेल्या. तटाला खिंडारे पडल्यावर १५ डिसेंबर रोजी हल्ला झाला. आतल्या किल्ल्याच्या भिंतीवर शिड्या लावून एक तुकडी चढली, तिने दरवाजा उघडला आणि किल्ला पडला. किल्लेदार बेनीसिंग लढताना मारला गेला.

वेढ्याच्या वर्णनात शिड्या लावण्याचा प्रसंग सर्वांच्या लक्षात राहतो. शेजवलकरांच्या दृष्टीने पाहता निर्णायक ठरले ते आधीचे सहा दिवस. त्या सहा दिवसांत डोंगरात रस्ता तयार करणाऱ्या सैन्याला बाहेरून अडविणारी फौज शिल्लक असती, तर तोफा उत्तरेच्या पठारावर पोहोचल्याच नसत्या. अडगावला मैदानी फौज मोडली म्हणून गाविलगडाचे कडे निरुपयोगी झाले. गड व मैदान यांचा हा परस्परसंबंध लक्षात न घेता किल्ल्याचा इतिहास लिहिणे म्हणजे दरवाजांचे व बुरुजांचे वर्णन करणे होय.

किल्ला पडल्यावर दोन दिवसांनी, १७ डिसेंबरला, देवगावचा तह झाला. भोसल्यांनी कटक प्रांत इंग्रजांना दिला आणि वर्धा नदीच्या पश्चिमेकडील मुलखावरील हक्क सोडला. तो मुलूख निजामाकडे गेला. नरनाळा व गाविलगड हे किल्ले भोसल्यांकडे राहिले. ३० डिसेंबरला सुर्जी-अंजनगाव येथे शिंद्यांशी तह झाला. अवघ्या महिनाभरात अकोला-अमरावतीच्या टापूत झालेल्या या घटनांनी वऱ्हाडच्या शेतकऱ्याचा सारा कोणाकडे जावयाचा हे ठरविले. पुढे १८५३ मध्ये हा प्रांत इंग्रजांच्या कारभाराखाली गेला, त्याचीही वाट येथूनच सुरू होते.

वऱ्हाडातील अभ्यासकापुढील काम

उपर्युक्त विवेचनावरून स्थानिक संशोधनाची काही क्षेत्रे सुचविता येतात. पूर्णेच्या खोऱ्यातील खारपाणपट्टा हे त्यांपैकी पहिले. अकोला, अमरावती व बुलढाणा जिल्ह्यांतील या पट्ट्यात विहिरींचे पाणी खारट असते. हजारो माणसे व जनावरे घेऊन येथून जाणाऱ्या फौजेला गोड पाण्याचे ओढे, नद्या व तलाव यांच्या आधारानेच मुक्काम करावे लागत असणार. फौजांच्या ज्ञात मुक्कामांची यादी करून ती गोड्या पाण्याच्या नकाशावर मांडल्यास मार्गनिवडीची कारणे कळू शकतात. हा प्रश्न इतिहास व भूगोल या दोन्ही विभागांनी मिळून हाती घेण्याजोगा आहे.

दुसरे क्षेत्र साधनांच्या तुलनेचे. इंग्रजी अहवाल छापील असल्याने सहज मिळतात. मराठी व फारसी कागद वाचण्यासाठी मोडी व फारसी शिकावी लागते. मोडी वाचणारे विद्यार्थी तयार झाल्याशिवाय भोसल्यांची बाजू भोसल्यांच्या कागदांतून मांडता येणार नाही. शेजवलकरांनी संपादिलेली नागपूरविषयक पत्रे युद्धापूर्वीच्या काळातील असली तरी भोसल्यांच्या दरबाराची रचना, कर्जबाजारीपणा व सरदारांचे परस्परसंबंध समजण्यासाठी ती प्रवेशद्वाराचे काम करतात.

तिसरे क्षेत्र प्रत्यक्ष पाहणीचे. अडगाव-सिरसोलीचे मैदान आजही शेतीखाली आहे. नाल्यांचे प्रवाह, जुन्या गाववाटा व पांदण रस्ते यांची नोंद अद्याप करता येते. नाले सरळ केले जातात, रस्ते रुंद होतात आणि शेतबांध पुसले जातात, तसतसा हा पुरावा नाहीसा होत असतो. कागद दप्तरात टिकतो. जमिनीचा पुरावा एकदा गेला की पुन्हा मिळत नाही.

समारोप

शेजवलकरांच्या वाटचालीचा विचार करता असे दिसते की, पराभवाकडे डोळे उघडे ठेवून पाहणे हे त्यांनी इतिहासकाराचे कर्तव्य मानले. पराभूतांना निर्दोष ठरविणे किंवा दोषी ठरविणे या दोन्हींपेक्षा पराभव कसा घडला हे सांगणे त्यांना महत्त्वाचे वाटले. वऱ्हाडच्या १८०३ च्या पराभवाला असा इतिहास मिळणे आवश्यक आहे. वेलस्लीचा अहवाल, भोसल्यांचे कागद आणि अडगावची जमीन हे तिन्ही साक्षीदार एकत्र तपासले गेले, तर बेनीसिंगाचे मरण, तोफेच्या तोंडी उभे राहिलेले अनाम शिपाई आणि या युद्धाची किंमत मोजणारा येथील रयतवर्ग यांना इतिहासात आपले योग्य स्थान मिळेल. हे काम करण्यासाठी लागणारी पद्धती शेजवलकरांनी घालून दिली आहे; ती या भूमीवर राबविणे हे वऱ्हाडातील महाविद्यालयांचे व अभ्यासकांचे दायित्व आहे.